पेल्यातला शंभर वर्षांचा डाग

१९६५ साली आलेल्या ‘रेड बिअर्ड’ या जपानी चित्रपटात एका धर्मार्थ दवाखान्यातली माणसं चहा पितात. पडद्यावर हे क्षणभराचं काम. पण ज्या पेल्यांतून ती चहा पितात, त्यांच्या आत शंभरेक वर्षांच्या चहाचे खरेखुरे डाग बसलेले होते. तसे पेले मुद्दाम हुडकून आणले होते. दवाखान्याची इमारत उभी केली ती पाडलेल्या जुन्या शेतघरांच्या लाकडातून. छपरावरची कौलंही शंभर वर्षं ऊनपाऊस खाल्लेली. रुग्णांची अंथरुणं त्या काळच्या कापडाची शिवून घेतली आणि चित्रीकरणाआधी काही महिने त्यांवर माणसांना खरोखर झोपवलं. अंथरूण वापरून जसं मऊ पडतं, तसं ते दिसायला हवं होतं.

आणि चित्रपट कृष्णधवल आहे. चहाच्या डागाचा रंगसुद्धा दिसत नाही.

मी तो पहिल्यांदा पाहिला तेव्हा यातलं काहीच ठाऊक नव्हतं. एवढंच आठवतं, की त्या इमारतीत ओल असणार असं सारखं वाटत होतं. हे ‘वाटणं’ ज्याच्या कामातून आलं, त्याचं नाव योशिरो मुराकी, या चित्रपटाचा कला दिग्दर्शक. दिग्दर्शक अकिरा कुरोसावाचं नाव आपल्याकडे फिल्म सोसायटीत जाणाऱ्या कुणालाही माहीत असतं, त्याचा नट तोशिरो मिफुनेचा चेहराही ओळखीचा. मुराकी मात्र श्रेयनामावलीत येतो आणि वर सरकून जातो. त्याचा धंदा नेमका काय होता, आणि त्या धंद्याचे पैसे कोण भरत होतं, ते जरा उलगडून पाहू.

आपण ज्याला ‘कला दिग्दर्शन’ म्हणतो त्याला जपानी श्रेयनामावलीत नुसतं ‘बिजुत्सु’, म्हणजे कला, असं लिहितात. हॉलिवूडने १९३९ साली ‘गॉन विथ द विंड’च्या वेळी विल्यम कॅमेरॉन मेन्झिससाठी ‘प्रॉडक्शन डिझायनर’ हे मोठं नाव काढलं. कारण मेन्झिसने भिंती आणि जिने आखून हात झटकले नव्हते. दृश्य कुठून दिसेल, रंग कोणते असतील, आग कशी पेटलेली दिसेल, हे सगळं त्याने आधीच चितारून ठेवलं होतं. फरक ध्यानात घ्यायचा तर असा: घर बांधणारा आर्किटेक्ट माणसाला राहता यावं म्हणून बांधतो, हा माणूस कॅमेऱ्याला पाहता यावं म्हणून बांधतो. त्यामुळे त्याच्या घराला कधी छप्पर नसतं, कधी चौथी भिंत नसते, आणि कधी छप्पर असतं ते माणसाच्या डोक्यावर दडपण यावं एवढ्यासाठीच.

मुराकीचा जन्म १९२४ चा. युद्ध संपता संपता तो तोहो या बड्या स्टुडिओत आला आणि ‘ड्रंकन एंजल’ या १९४८ च्या चित्रपटावर कला विभागात साहाय्यक होता. ते दिवस धामधुमीचे होते. तोहोत संपावर संप चालले होते. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये कामगारांना हुसकायला पोलिसांबरोबर अमेरिकी सैन्याचे रणगाडे आणि विमानंही आली होती. यायचं राहिलं ते फक्त लढाऊ जहाज, असा विनोद तेव्हा रूढ झाला.

‘ड्रंकन एंजल’ची जन्मकथा निर्मात्याच्या डोक्याने वाचायला हवी. दिग्दर्शक काजिरो यामामोतोच्या आदल्या एका चित्रपटासाठी तोहोने काळ्याबाजाराची अख्खी वस्ती उघड्यावर उभारली होती. चित्रपट झाला, वस्ती उभीच. एवढा खर्च एकाच चित्रपटावर कसा टाकायचा? तेव्हा कुरोसावाला विचारलं, या सेटचं तुला काही करता येईल का? त्यातून टीबी झालेला गुंड, दारुडा डॉक्टर आणि वस्तीच्या मधोमध बुडबुडे काढणारं ते घाणेरडं डबकं, असा चित्रपट निघाला. म्हणजे आधी सेट, मागून गोष्ट. चाळिशीच्या दशकातला जपानी स्टुडिओ असाच चाले. सुतार पगारी, रंगारी पगारी, लाकूड आपल्या गोदामातलं. तरुण साहाय्यकाला अशा ठिकाणी शिकायला मिळतं ते शाळेत मिळत नाही.

कला विभागाचा प्रमुख तेव्हा ताकाशी मात्सुयामा. त्याच्या नावावरचा सगळ्यात प्रसिद्ध सेट म्हणजे ‘राशोमोन’चं पडकं महाद्वार, दाईएई कंपनीच्या क्योतोतल्या स्टुडिओतलं. कुरोसावाने कंपनीला सांगितलं होतं, मला फक्त एकच सेट लागेल, बाकी जंगल आहेच. कंपनी खूश. मग दार वाढत वाढत असं अवाढव्य झालं, की पूर्ण छप्पर घातलं तर खांब चेपतील. म्हणून छप्पर अर्धं कोसळलेलं दाखवलं. पडकेपणा गोष्टीत शोभलाही. यापेक्षा शंभर लहान सेट परवडले असते, असं कंपनीचे लोक नंतर कुरकुरत होते.

आता जरा तांत्रिक भाग. तो कळला नाही तर मुराकीचं काम कळत नाही, म्हणून इथे थोडं रेंगाळू.

साधारण चित्रपट एका कॅमेऱ्याने घेतात. कॅमेरा एका बाजूला, त्याच्या पाठीमागे दिवे, माणसं, चहाची किटली, सगळा पसारा. म्हणजे सेटची ती बाजू नसली तरी चालते. बाजू बदलायची तर पसारा उचलायचा, इकडची भिंत काढायची, तिकडची लावायची. कुरोसावा ‘सेव्हन सामुराई’पासून एकाच वेळी अनेक कॅमेरे लावायला लागला. पावसातली लढाई दोनदा तशीच होत नाही, घोडा दुसऱ्या वेळी त्याच जागी घसरत नाही, म्हणून एकदाच करायचं आणि सगळीकडून टिपायचं. नटालाही आपण नक्की कुठल्या कॅमेऱ्यात आहोत हे कळत नाही, तो नुसता वागत राहतो. पण याचा भार पडतो सेटवर. आता चारही बाजू हव्यात, आणि त्या अंगणात दिव्याचा खांब ठेवायला जागाच नाही.

त्यात भर लांब पल्ल्याच्या लेन्सची. ही लेन्स दूरचं जवळ आणते हे आपल्याला मोबाइलवरूनही माहीत आहे. तिची दुसरी खोड म्हणजे ती खोली चेपून टाकते. वीस पावलांवरचा माणूस आणि चाळीस पावलांवरची भिंत एकमेकांना चिकटल्यासारखी दिसतात, जणू एकाच कागदावर काढलेली. म्हणजे मागच्या भिंतीचा खोटेपणा लपत नाही, ती पुढेच येते. शिवाय कॅमेरा खूप मागे न्यावा लागतो, त्यामुळे आजूबाजूला जागा हवी. आणि पुढचं-मागचं दोन्ही स्पष्ट हवं असेल तर लेन्सचं छिद्र बारीक करावं लागतं, मग प्रकाश पोत्याने ओतावा लागतो. इतक्या उजेडात रंगवलेलं प्लायवूड लगेच उघडं पडतं. मुराकीचं सगळं काम या तीन अडचणींच्या मधल्या फटीत झालेलं आहे.

‘सेव्हन सामुराई’चं गाव स्टुडिओत उभारायला कुरोसावाने नकार दिला आणि ते इझू द्वीपकल्पात तागाता इथे बांधवून घेतलं. चित्रीकरणाचे दिवस झाले १४८, वर्षाहून अधिक काळात पसरलेले. पैसे संपत, तोहो काम थांबवे. कुरोसावा मासे धरायला जाई, कारण इतका पैसा ओतल्यावर कंपनी माघार घेणार नाही याची त्याला खात्री होती. दिग्दर्शक आणि कंपनी यांच्या मध्ये सापडलेला माणूस होता निर्माता सोजिरो मोतोकी. निर्माता म्हणजे पैसे देणारा शेठ, अशी आपली समजूत असते. स्टुडिओच्या जमान्यात तो कंपनीचाच माणूस असे. पैसा कंपनीचा, पण एक पाय हिशेबाच्या खोलीत आणि एक चिखलात. मोतोकीने ‘इकिरू’ केला, ‘सेव्हन सामुराई’ केला, ‘थ्रोन ऑफ ब्लड’ केला, आणि पुढे तोहोबाहेर पडून कमी पैशांतले प्रौढांसाठीचे चित्रपट स्वतः दिग्दर्शित करत राहिला. चित्रपटाच्या इतिहासात निर्मात्यांना फारसं कुणी रडत नाही.

१९५५ च्या ‘आय लिव्ह इन फिअर’पासून कुरोसावाच्या चित्रपटांचं कला दिग्दर्शन मुराकीकडे आलं. सोव्हिएत युनियनमध्ये केलेला ‘देर्सू उझाला’ तेवढा वगळला, तर १९९३ पर्यंत ते त्याच्याकडेच राहिलं. अडतीस वर्षं.

‘थ्रोन ऑफ ब्लड’ १९५७ चा. शेक्सपिअरचा मॅकबेथ जपानी सरदारांच्या काळात नेलेला. किल्ला फुजी पर्वताच्या उतारावर, उंचावर बांधला. तिथे धुकं आपोआप येतं आणि जमीन ज्वालामुखीची, काळी. किल्ल्याच्या भिंतीही काळ्या ठेवल्या. पांढरं धुकं, काळी माती, काळं लाकूड, म्हणजे शाईने काढलेलं जपानी चित्रच. चित्रकार कोहेई एझाकी सल्लागार होता, जुन्या चित्रपटांवरून किल्ल्यांचा अभ्यास झाला. (चित्रपट म्हणजे इथे गुंडाळी करून ठेवायचे जुने पट. आपला शब्द दोन्हीकडे लागतो.) सामान वर नेणं जिकिरीचं होतं, तेव्हा जवळच्या तळावरचे अमेरिकी सैनिक मदतीला आले. किल्ल्याचं आतलं अंगण मात्र टोकियोत, तोहोच्या आवारात बांधलं. आता फुजीवरून घोड्यावर बसलेला माणूस दारातून आत शिरतो आणि टोकियोत पोचतो. त्याच्या पायाखालची माती बदलली तर सोंग उघडं पडणार. म्हणून फुजीवरची काळी माती ट्रकमधून टोकियोला आणून अंगणात पसरली.

आतल्या खोल्या मुराकीने बुटक्या केल्या. छत खाली, खांब ठेंगणे आणि जाड. खोलीत सामान जवळजवळ नाहीच, ‘नो’ या जपानच्या पारंपरिक नाटकाच्या रंगमंचासारखी मोकळी जमीन. राज्याची हाव धरलेला सेनापती आणि त्याची बायको तिथे बसून बोलतात तेव्हा तो कोंडला गेलाय हे कुणी सांगावं लागत नाही, छत सांगतं.

जपानी सेटवर एक शब्द सतत कानावर येतो, ‘योगोशी’. शब्दशः मळवणं. नवं सामान जुनं करण्याची ही अख्खी कला आहे. लाकडाचंच पाहा. नवी फळी गुळगुळीत असते. जुन्या फळीचा मऊ भाग वर्षानुवर्षांच्या पावसाने झिजतो आणि कठीण रेषा वर उठून राहतात, म्हणून जुन्या दारावरून हात फिरवला की बोटांना ओरखडे लागतात. हे पन्नास वर्षांचं काम दोन दिवसांत उरकायचं तर फळी भाजायची. मऊ भाग आधी जळतो. मग तारेच्या ब्रशने काजळी खरवडून काढायची, की रेषा वर येतात. मग धुवायची, घासायची, तेलकट चिंधी फिरवायची, आणि जिथे माणसाचा हात रोज पडतो ती कड गुळगुळीत करायची, बाकीची नाही. या शेवटच्या गोष्टीतच खरी मेख आहे. जुनेपणा सगळीकडे सारखा नसतो. आपल्या ऐतिहासिक मालिकांमधला वाडा खोटा वाटतो तो काही सगळाच पैशांअभावी नाही. उंबरठा आणि तुळई सारख्याच वयाची दिसतात म्हणून.

१९६१ च्या ‘योजिंबो’त मुराकीने एक अख्खं गावच बांधलं. एका रुंद रस्त्याच्या दोन टोकांना दोन टोळ्या, मधे धूळ. रस्ता इतका रुंद का? कारण पडदा आता रुंद झाला होता, उंचीच्या सुमारे २.३५ पट. लांब पल्ल्याची लेन्स लावून मागे जायलाही तेवढा पल्ला हवा होता. दोन्ही बाजूंची घरं काळवंडलेली, फळ्याफळ्यांच्या खिडक्या बंद. सराईच्या आत बसून फटींतून बाहेरचा तमाशा पाहता येतो, आणि चित्रपटाचा निम्मा विनोद त्या फटींतूनच होतो. गंमत अशी, की या चित्रपटासाठी मुराकीला ऑस्करचं पहिलं नामांकन मिळालं ते कपड्यांसाठी. वेशभूषाही त्याचीच होती. मिफुनेचा तो मळका, खांद्यावर सैल पडलेला किमोनो आठवतो ना, त्यातही योगोशीच आहे. बक्षीस ‘ला दोल्चे विता’ने नेलं.

तोवर पैशांचं गणित बदललं होतं. कुरोसावाचे खर्च पाहून तोहोने १९५९ साली त्याला स्वतःची कंपनी काढायला लावली, म्हणजे तोट्यात त्याचाही हिस्सा. याने तो काटकसरीला लागेल असा कंपनीचा हिशेब असावा. काटकसर काही झाली नाही.

‘हाय अँड लो’ हा १९६३ चा चित्रपट पाहा. पहिला जवळजवळ तासभर एका श्रीमंताच्या दिवाणखान्यात जातो. मोठी काच, खाली योकोहामा शहर. असा दिवाणखाना एक टेकडीवर बांधला, खऱ्या शहराकडे तोंड करून, आणि दुसरा स्टुडिओत. स्टुडिओतल्या काचेबाहेर रात्रीसाठी शहराचं लहानसं रूप, चिमुकल्या दिव्यांसकट. प्रेक्षक एका खोलीत बसलाय असंच समजतो. मला या चित्रपटात आवडतो तो पडदा. पोलीस घरात आले की तो ओढतात, कारण खालून अपहरण करणारा दुर्बिणीतून पाहत असेल. नेपथ्यातली एक साधी वस्तू, पण ती बंद झाली की खोली आणि शहर दोन्ही बदलतात.

मग ‘रेड बिअर्ड’. कोइशिकावा इथला एदो काळातला दवाखाना. एदो म्हणजे आजचं टोकियो. काम दोन वर्षांच्या घरात चाललं. सेट इतका गाजला की पर्यटकांच्या बसगाड्या तो पाहायला येत. दवाखान्याबाहेरची गल्ली-बोळांसकट वस्ती बांधली, आणि तिचा मुख्य रस्ता चित्रपटात दिसतो जेमतेम मिनिटभर. काही बोळ तर दिसतच नाहीत. निर्मात्याच्या खुर्चीत बसून पाहिलं तर हे निव्वळ पैसे जाळणं आहे. नटाच्या बाजूने पाहिलं तर वेगळं दिसतं. खरा पेला हातात आला की तो कसा धरायचा ते हाताला आपोआप कळतं. दार जड असेल तर खांदा आपसूक पुढे जातो. मुराकी प्रेक्षकाबरोबरच नटासाठीही बांधत होता, असं मला वाटतं.

या पद्धतीला आता फार दिवस नव्हते. १९५८ साली जपानमध्ये चित्रपटांची ११२ कोटींहून जास्त तिकिटं विकली गेली होती. घराघरांत टीव्ही आला आणि १९७० पर्यंत हा आकडा पाव हिश्श्याच्या आसपास आला. पगारी सुतार, स्वतःची गोदामं, दोन वर्षं चालणारं काम, हे परवडेनासं झालं.

त्या पडत्या काळातला मुराकीचा सगळ्यात मोठा सेट अमेरिकी पैशांवर उभा राहिला. ‘तोरा! तोरा! तोरा!’ म्हणजे पर्ल हार्बरची गोष्ट. जपानी भाग कुरोसावा करणार होता, पण त्याला १९६८ च्या अखेरीस काढून टाकलं. मुराकी राहिला. क्यूशू बेटावर आशिया गावच्या किनाऱ्यावर ‘नागातो’ ही युद्धनौका पूर्ण आकारात आणि ‘आकागी’ या विमानवाहू जहाजाचा मोठा भाग, दोन्ही लाकडात, वाळूवर. दुसरं नामांकन, या खेपेला कला दिग्दर्शनाचं. तेही हुकलं.

त्याच १९७० साली बरोब्बर उलट्या टोकाचा ‘दोदेस्काडेन’. कचऱ्याच्या ढिगाऱ्यावरची झोपडपट्टी, हातात पैसे थोडे, चित्रीकरण २८ दिवसांत उरकलं. कुरोसावाचा हा पहिला रंगीत चित्रपट. मुराकी आणि त्याची बायको शिनोबू, तीही कला दिग्दर्शक, दोघांनी मिळून तो केला. ज्या माणसाने फुजीवरची माती ट्रकने आणली त्याने इथे जमिनीवर चक्क सावल्या रंगवल्या. ऊन ज्या बाजूने यायला हवं तिकडून येत नाही ना, मग सावली रंगवा. आकाशही रंगवलेलं, भडक. खरेपणाचं वेड असलेल्यांना खोटेपणाही तितक्याच जोरात करता येतो. चित्रपट पडला.

‘कागेमुशा’ आणि ‘रान’च्या वेळी पैसा बाहेरूनही आला. पहिल्यासाठी लुकास आणि कोपोला या दोघा अमेरिकी दिग्दर्शकांनी हॉलिवूडच्या कंपनीला तयार केलं, दुसऱ्यासाठी फ्रान्समधला निर्माता सर्ज सिल्बरमन आणि जपानचा मासातो हारा एकत्र आले. पैशांची वाट पाहण्याच्या वर्षांत कुरोसावा दृश्यांची शेकडो चित्रं रंगवत बसला होता. मुराकीला त्या चित्रांचे नकाशे करायचे होते. हिमेजी, कुमामोतो हे खरे किल्ले वापरता येत होते, पण खरा किल्ला जाळता येत नाही. म्हणून ‘रान’साठी फुजीच्या पायथ्याशी, काळ्या मातीवर, तिसरा किल्ला बांधला, फक्त जाळायला. खर्च सुमारे १६ लाख डॉलर. आता जळणारी इमारत आखायची म्हणजे काय ते पाहा: ती आतून पेटायला हवी, धूर खिडक्यांतून निघायला हवा, आणि पुढचा जिना शेवटपर्यंत शाबूत राहायला हवा, कारण वेड लागलेला म्हातारा राजा त्याच जिन्यावरून खाली येणार. राजा झालेला तात्सुया नाकादाई उतरला, मागे किल्ला पेटलेला. एकच टेक. दुसऱ्यासाठी किल्लाच नव्हता.

‘रान’चं ऑस्कर वेशभूषेसाठी एमी वादाला मिळालं. मुराकी नवरा-बायकोला नामांकन, बक्षीस नाही. ‘कागेमुशा’चंही तसंच झालं होतं. एकूण चार नामांकनं, हाती शून्य. २००९ साली, ८५ व्या वर्षी तो गेला.

कुरोसावाच्या १९९३ च्या शेवटच्या चित्रपटात, ‘मादादायो’त, मुराकीच्या वाट्याला आली एक झोपडी. बॉम्बहल्ल्यात घर जळालेला म्हातारा प्राध्यापक आणि त्याची बायको त्या झोपडीत राहतात, भोवती टोकियोचे जळके अवशेष. दार उघडं ठेवून दोघं शेजारी शेजारी बसलेली, आणि संवादाशिवाय ऋतू पालटत जातात. त्याच फळ्यांवर पाऊस पडतो, मग हिवाळ्यात बर्फ.